चांगल्या बापाची चोरी

मुलांनो, जरा माझ्याबरोबर कल्पना करा. मे महिना आहे. भुसावळची दुपार. रेल्वे कॉलनीतल्या हॉलच्या खिडक्यांवर सतरंज्या टांगून अंधार केलाय. कूलर आहेत, पण बंद. ते सुरू केले की पडद्यावरचं काही ऐकू येत नाही. माणसं निमंत्रणपत्रिकेनं वारा घेताहेत. तुम्ही तिसऱ्या रांगेत बसला आहात आणि पडद्यावर तुमची स्वतःची मुलगी उभी आहे. ती सरळ तुमच्याकडे बघते आणि सगळ्या गावाला सांगते की तुम्ही तिला मारता.

तुम्ही काय कराल?

माझ्या शेजारी बसलेल्या सुदाम सपकाळेनं काहीच केलं नाही. त्याच्या हातात शेंगदाण्यांची पुडी होती. त्यानं एक दाणा तोंडात टाकला आणि पुडी माझ्यापुढे धरली.

"घ्या ना गुरुजी. खारे हायेत."

सुदाम गँगमन होता. रुळांवरून हातोडा घेऊन चालायचं आणि रूळ धरून ठेवणाऱ्या लोखंडी चाव्या ढिल्या झाल्या की ठोकायच्या, हे त्याचं काम. पडद्यावर होती ती त्याची मुलगी उत्पला. नुकतीच सातवीत गेलेली. यार्डातल्या एका मोडक्या खांबाला टेकून ती रॅप म्हणत होती. रॅप म्हणजे काय, हे तुम्ही मला शिकवाल. तेव्हा मला ते नवीन होतं. गाणं म्हणावं तर चाल नाही, बोलणं म्हणावं तर ताल सुटत नाही. पण शब्द स्वच्छ कळत होते.

टीव्हीचा आवाज वाढला की समजायचं,
बातम्या नाहीत, आमच्याच घरी काही लागलंय.
आई सांगते, "कपाटाला लागलं."
कपाट बिचारं जागचं कधी हललंय?

भाजीत मीठ पडलं जास्त, टीव्ही मोठा.
गणितात गेला एक मार्क, टीव्ही मोठा.
शेजारी म्हणतात, घर किती हौशी,
रोज संध्याकाळी यांचा पिक्चर मोठा.

कपाटाच्या ओळीला हॉल हसला. नंतरच्या ओळींना हसू हळूहळू विरलं, आणि मग एकेक मान तिसऱ्या रांगेकडे वळू लागली. सुदाम समोर बघत दाणे खात राहिला.

पिक्चर पुण्याच्या एका तरुण दिग्दर्शकानं काढला होता. कॉलनीतली मुलं रॅप म्हणतात, त्यावर होता; दोन-चार हौशी नट, बाकी इथलीच मुलं. हिवाळ्यात तो कॅमेरा घेऊन आला तेव्हा त्यानं मुलांना सांगितलं, तुमचं जे असेल ते लिहून आणा. उत्पलानं हे आणलं. त्यानं ते तसंच ठेवलं. त्या पिक्चरचं नाव आज कुणाला आठवत नसेल, पण त्या दुपारी शेवटी लोक उठून टाळ्या वाजवत होते. पहिल्या रांगेत उत्पला बसली होती, तिच्या शेजारी तिची मैत्रीण हेमांगी. टाळ्या ऐकून उत्पलानं मागे वळून बापाकडे बघितलं. बापानं मान डोलावली. बस.

आमच्या मागच्या रांगेत नागसेन तायडे बसला होता. तो टाळ्या वाजवत नव्हता.

नागसेन माझा चौथीतला विद्यार्थी. 'माझी आई' या निबंधात सगळ्या वर्गानं आई म्हणजे मायेचा सागर असं लिहिलं, तेव्हा यानं लिहिलं होतं की माझी आई चांगले लाडू बाबांपासून लपवते आणि मला देते, कारण बाबा ते मित्रांना वाटून टाकतात. मी त्याला सगळ्यात जास्त मार्क दिले. पुढे तो मुंबईला गेला आणि सिनेमावर लिहू लागला, मग रॅपवर, हिप हॉपवर. एका साप्ताहिकात त्याचं सदर यायचं, 'दाताखालचा खडा'. नावासारखंच होतं ते. 'सिनेमा गरिबाचं घर दाखवायचं ठरवतो तेव्हा आधी भिंत मळवून घेतो,' हे त्याचं वाक्य. 'ज्याच्या गळ्यात सोन्याची साखळी आली, त्याच्या गळ्यातला आवाज गेला,' हेही त्याचंच. त्या वाक्यावरून एका रॅपवाल्याच्या चाहत्यांनी त्याच्या दारात टोमॅटो फेकले होते. त्यानं पुढच्या आठवड्यात लिहिलं, टोमॅटो महाग असताना ही श्रद्धा मोठीच म्हणायची.

त्या मेमध्ये तो आईच्या मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी घरी आला होता. दिवसातून चार वेळा आईच्या डोळ्यांत थेंब टाकायचे आणि मधल्या वेळात भिंतीकडे बघत बसायचं. पिक्चर बघायला मीच त्याला ओढून आणलं होतं.

"थकलोय गुरुजी," असं तो वाटेत म्हणाला होता. "वीस वर्षं खोटं शोधतोय. आता खरं समोर आलं तरी आधी मी शिवण उसवून बघतो."

पिक्चर संपल्यावर हॉलबाहेर चहा होता. कॉलनी मंडळाचे सचिव बऱ्हाटे यांनी छोटंसं भाषण केलं. बऱ्हाटे मालगाडीचे गार्ड. पांढरा सफारी, मोजकं बोलणं. दर जूनला गरीब मुलांना कंपासपेट्या वाटणारा माणूस. हेमांगी त्यांचीच मुलगी. "आपल्या कॉलनीची लेक पडद्यावर झळकली," ते म्हणाले. "रविवारी संध्याकाळी इथंच तिचा सत्कार करू. तायडे साहेबांसारखा समीक्षक गावात आहे, त्यांनीही दोन शब्द बोलावेत."

नागसेन मात्र सुदामकडे बघत होता. उत्पलाची चप्पल तुटली होती. सुदामनं आपल्या चपला काढून तिच्यापुढे सरकवल्या आणि तिची तुटकी चप्पल खिशात घालून तो तापलेल्या फरशीवर अनवाणी उभा राहिला. ती त्या मोठ्या चपलांत पाय घासत मैत्रिणीकडे गेली.

नागसेन त्याच्याजवळ गेला. "सपकाळे, मुलीनं म्हटलं ते खरं आहे?"

"पिक्चर हाय साहेब," सुदाम म्हणाला.

"तुम्ही मारता तिला?"

सुदामनं चहाचा घोट घेतला. "तिनं म्हटलंय ना," तो म्हणाला. "मग झालं."

"तुमच्याकडे टीव्ही केवढा आहे?"

"हाय एक. लागला तर लागतो."

नागसेननं आपला कप ठेवून दिला. मला त्याचा चेहरा ओळखता येतो. चौथीत एखाद्या धड्यातली चूक सापडली की तो असाच गप्प व्हायचा.

लेख शुक्रवारी आला. शीर्षक होतं, 'एका चांगल्या बापाची चोरी'. मी व्हरांड्यात बसून वाचला आणि खरं सांगतो, मला अभिमान वाटला. त्यात एक परिच्छेद असा होता:

'शहराला गरीब वस्तीतून एकच माल हवा असतो, वेदना. ती नसेल तर मुलं ती तयार करून देतात. या बारा वर्षांच्या मुलीला कुणीतरी शिकवलं की रॅपमध्ये मार खाल्लेला असावा लागतो. मी तिच्या बापाला भेटलो. भर दुपारी आपल्या चपला मुलीला देऊन तो फरशीवर अनवाणी उभा होता. हा माणूस पोरीवर हात उचलत नाही. ते घर तिचं नाही. तो टीव्ही तिच्या घरातला नाही. रॅपमध्ये "मी" म्हणजे मीच असतो. तिथे खोटं बोललं की उरतो फक्त गोंगाट. या पिक्चरनं एका चांगल्या बापाची चोरी केली, आणि आपण टाळ्या वाजवल्या.'

निवृत्त झाल्यापासून माझ्या व्हरांड्यात दुपारी दहा-बारा मुलं वाचायला येत, उत्पला आणि हेमांगीही त्यांत. त्या दिवशी उत्पला सगळ्यांच्या आधी आली. हातात ते पान होतं. ती रडली नव्हती. तिचे कान लाल झाले होते.

"गुरुजी, त्यांना हे परत घ्यायला सांगा."

"अगं, त्यानं तुझ्या वडलांबद्दल चांगलंच लिहिलंय."

"तेच परत घ्यायला सांगा. लिहा म्हणावं, खरं आहे ते. आमच्याच घरातलं आहे."

"पण तुझे बाबा तुला मारतात का?"

"तुम्ही पण तेच विचारता," असं म्हणून ती जिन्याच्या पायरीवर जाऊन बसली. मला वाटलं, छापील कागदावर कुणी खोटं ठरवलं की कुठल्या मुलाला राग येणार नाही. एक-दोन दिवसांत निवेल.

शनिवारी सकाळी सुदाम आला. ड्युटीवरून थेट, खांद्यावर हातोडा तसाच. दारातच उभा राहिला.

"बस सुदाम."

"नको. कपडे काळे हायेत." त्यानं हातोडा भिंतीला टेकवला. "गुरुजी, तायडे साहेब तुमचं ऐकतात. त्यांना म्हना, लिहा का सपकाळे मारतो म्हनून."

मी चष्मा काढला. "काय बोलतोस तू?"

"त्यांनी माझं नाव चांगलं केलं. मले नको ते."

"लोक तुला काय म्हणतील?"

"म्हनू द्या. मी तर रुळावर असतो दिवसभर. तिथं कोन येतं म्हनाले?"

"कारण तरी सांगशील?"

"इचारू नका गुरुजी. माझं नाही ते सांगायचं." आणि हातोडा उचलून तो गेला.

माझ्या एवढ्या वर्षांच्या मास्तरकीत मुलांची बदनामी पुसायला आलेले बाप पुष्कळ पाहिले. स्वतःची बदनामी मागायला आलेला हा पहिलाच. त्या दुपारी व्हरांड्यात मुलं वाचत होती, पण माझं लक्ष नव्हतं. तरीही एक गोष्ट लक्षात आली. हेमांगी शुक्रवारपासून आली नव्हती.

इथे थोडं थांबून सांगतो. पुढची गोष्ट सांगायला मला उत्पला आणि हेमांगी दोघींनी परवानगी दिली आहे. मी आधी हेमांगीला विचारलं. ती आता तुमच्यासारख्या मुलांना शिकवते. ती म्हणाली, "सांगा गुरुजी. नावासकट सांगा."

रविवारी सकाळी मी नागसेनला बोलावलं आणि उत्पलालाही. नागसेन आला तो डोळे चोळत. आईला रात्रभर झोप नव्हती, म्हणजे त्यालाही नव्हती. त्यानं पाय पसरले आणि समोर बसलेल्या मुलीकडे बघितलं.

"बोला बाईसाहेब. माझं काय पटलं नाही तुम्हाला?"

"तुम्ही लिहिलं, मी खोटं बोलले."

"बोललीसच."

"पिक्चरमध्ये तो जाड मिशीचा पोलीस आहे ना, तो जळगावला पोस्टात आहे. त्याला नाही लिहिलं तुम्ही खोटारडा."

नागसेन हसला. बऱ्याच दिवसांनी हसला असावा, कारण नंतर खोकला. "तो नट आहे. खोटं बोलणं हा त्याचा धंदा. रॅपचं तसं नसतं. रॅप म्हणणारा आधी आपलं नाव सांगतो, मग आपली गल्ली सांगतो, आणि मग जे सांगतो ते त्याचं असतं. ज्यांना कुणी विचारत नव्हतं त्यांनी हे सुरू केलं. त्यांच्याकडे 'मी' सोडून दुसरं काही नव्हतं. तो 'मी' उसना आणायचा नसतो."

"मी नाव माझंच सांगितलं ना."

"नाव तुझं. मार कुणाचा?"

व्हरांड्याच्या कठड्यावर उत्पलाचं बोट पुढे-मागे फिरत होतं.

"म्हणून तर माझं नाव सांगितलं," ती म्हणाली.

नागसेनचे पसरलेले पाय हळूहळू जवळ आले. मी म्हणालो, "नागसेन, चौथीत तुम्हाला जात्यावरच्या ओव्या शिकवल्या होत्या. 'माझी सासू, माझी नणंद' म्हणणारी प्रत्येक बाई स्वतःच्याच घरचं गात होती का?"

"नका गुरुजी," तो म्हणाला. "कळलं मला." मग उत्पलाकडे वळला. आवाज खाली आला होता. "वडलांना माहीत होतं?"

"त्यांनाच पहिल्यांदा म्हणून दाखवलं. ते म्हणाले, माझ्या नावावर जाऊ दे. मी म्हटलं, लोक तुम्हाला बोलतील. ते म्हणाले, बोलू दे, पण ते कुणीतरी मोठ्यानं म्हणायला पाहिजे."

"आणि लिहिलं कुणी?"

कठड्यावरचं उत्पलाचं बोट थांबलं.

तेवढ्यात माझी बायको सिंधू बाजारातून आली. भाजीची पिशवी ठेवत ती आम्हाला न बघताच बोलत सुटली. "कॉलनीत दुसरा विषय नाही. सपकाळेचा टीव्ही नाही तर मग कुणाचा? नळावर तेच, किराणा दुकानात तेच. पोरं संध्याकाळी दारोदार कान लावून हिंडताहेत, जसा काही खेळच झालाय. कुणीतरी म्हणे मागच्या ओळीतल्या क्वार्टरांचं नाव घेतलं. आणि गंमत म्हणजे बऱ्हाट्यांकडचा टीव्ही शुक्रवारपासून बंद आहे. एवढा मोठ्यानं लावायचे ते, गल्लीत बातम्या ऐकू यायच्या. आता एकदम गप्प."

बोलता बोलता ती थांबली. आम्हा तिघांपैकी कुणीच हललं नव्हतं.

सपकाळे आणि बऱ्हाटे यांच्या क्वार्टरची मागची भिंत एकच होती. ते मला माहीत होतं, पण माहीत असून काय, मी रुळांच्या अलीकडे, कॉलनीबाहेर राहणारा माणूस.

"आधी टीव्ही असला तरी थोडं ऐकू यायचं," उत्पला भिंतीशी बोलावं तसं म्हणाली. "आता मी भिंतीला कान लावते तर काहीच ऐकू येत नाही. बाबा म्हणतात, झोप आता. कशी झोपू?"

"हेमांगीनं लिहिलं ते," नागसेन म्हणाला. त्यानं ते विचारलं नाही.

"मी फक्त ताल लावला."

सिंधू खाली बसली. मी उठलो. "आत्ताच्या आत्ता पोलिसांत जाऊ."

"नको गुरुजी." उत्पलानं माझ्या सदऱ्याचं टोक धरलं. "मागच्या वर्षी तिचे मामा आले होते भांडायला. चहा पिऊन गेले. ते गेल्यावर मग..." तिनं वाक्य सोडलं. "तिनं मला शपथ घातली होती, नाव घ्यायचं नाही. मी नाही घेतलं. या काकांनी लिहिलं, सपकाळेंचं घर नाही म्हणून. मग लोक मोजायला लागले ना, कुणाचं नाही आणि कुणाचं आहे."

नागसेन दोन्ही हातांनी तोंड झाकून बसला. "पुढच्या शुक्रवारी खुलासा लिहितो," तो म्हणाला, आणि स्वतःच मान हलवली. "पुढचा शुक्रवार फार लांब आहे."

"आज सत्कार आहे," उत्पला म्हणाली. "तुम्ही बोलणार आहात. तिथं सांगा, ते आमचंच घर आहे."

"पोरी, मी आयुष्यभर लोकांना खोटं पकडून दिलंय."

"मग तुम्हाला जमेल," ती म्हणाली.

संध्याकाळी हॉल भरला. या वेळी सतरंज्या काढल्या होत्या आणि कूलर सुरू होते. स्टेजवर चार खुर्च्या, मागे फुलांची माळ. बऱ्हाट्यांच्या कपाळावर गंध. पहिल्या रांगेत हेमांगी आईशेजारी बसली होती, भर मेमध्ये लांब बाह्यांचा ड्रेस. आई डोक्यावरचा पदर सारखा करत होती. लोक स्टेजकडे कमी आणि त्या दोघींकडे जास्त बघत होते. बऱ्हाट्यांना ते दिसत होतं. त्यांचं बोलणं नेहमीपेक्षा अधिकच मोजकं झालं होतं.

नागसेनला बोलायला बोलावलं. त्यानं माईक हातात घेतला. टोमॅटोंना न घाबरलेला माणूस, पण त्या दिवशी त्यानं माईक दोनदा या हातातून त्या हातात घेतला.

"माझ्या लेखाबद्दल गावात चर्चा आहे असं ऐकतो," तो म्हणाला. "त्यात मी एका घराबद्दल लिहिलं. त्या घरात मी पाऊल ठेवलं नव्हतं. चपला बघितल्या आणि घर कळलं असं समजलो. काल सपकाळे गुरुजींना भेटले आणि म्हणाले, लेखात लिहिलंय ते बरोबर नाही. तो लेख मी मागे घेतो. मुलीनं 'मी' म्हटलं होतं. मी तिचं ऐकायला हवं होतं."

त्यातलं प्रत्येक वाक्य खरं होतं. कसलेल्या माणसाचं काम होतं ते. आणि तो खुर्चीवर बसला तेव्हा असा दिसला, जणू दिवसभर पोती वाहिली आहेत.

हॉलमध्ये कुजबुज झाली. मागून कुणीतरी ओरडलं, "काय रे सुदाम, मग मारतो का पोरीले?"

सुदाम तिसऱ्या रांगेत उभा राहिला. धुतलेला शर्ट, दाढी केलेली. "हाव," तो म्हणाला. "मारत होतो." आणि खाली बसला. शेजारची बाई थोडी पलीकडे सरकली. त्यानं ते बघितलं नाही असं दाखवलं.

उत्पला स्टेजवर ताठ बसून होती. बापाकडे बघत असताना तिचा खालचा ओठ दाताखाली होता.

आणि मी बऱ्हाट्यांकडे बघितलं. एखाद्याच्या डोक्यावरचं ओझं कुणीतरी खाली उतरवून ठेवावं तसे त्यांचे खांदे सैल झाले. मुलांनो, आम्ही काय करून बसलो ते मला तेव्हा कळलं. आम्ही सगळ्यांनी मिळून, दोन चांगल्या माणसांची अब्रू घालवून, त्या पोरीचं गुपित पुन्हा झाकलं होतं. आणि कार्यक्रम संपला की ती त्याच घरी जाणार होती.

बऱ्हाट्यांनी माईक घेतला. त्यांचा आवाज परत आला होता, गोड आणि भरदार.

"चूक कबूल करणं यालाच मोठेपणा म्हणतात. सुदामला आपण सांभाळून घेऊ. कॉलनी हे एक कुटुंब आहे." टाळ्या. त्यांनी उत्पलाला पुढे घेतलं, तिच्या खांद्यावर शाल ठेवली, हातात नारळ दिला. "आणि या लेकीला आज रिकाम्या हातानं पाठवायचं नाही. बेटा, तुला काय पाहिजे ते माग. सगळ्या कॉलनीसमोर माग. बऱ्हाटे काका शब्द देतो."

असं म्हणायची आमच्याकडे रीतच आहे. सत्कारमूर्ती लहान असेल तर तिला विचारायचं, मग ती लाजून सायकल किंवा घड्याळ म्हणते, लोक हसतात, फोटो निघतो.

उत्पलानं नारळ खुर्चीवर ठेवला आणि माईक घेतला.

"काका, पुढच्या पिक्चरला नवीन गाणं लिहायचंय. मला एकटीला जमत नाही. हेमांगीचं मराठी माझ्यापेक्षा चांगलं आहे."

"लिहा की दोघी," बऱ्हाटे हसून म्हणाले.

"त्यासाठी आम्ही दोघी नेहेते गुरुजींकडे राहायला जाणार. गाणं पूर्ण होईपर्यंत. आजपासून."

माझं नाव ऐकून मी दचकलो. मला कुणी काही सांगितलं नव्हतं. शेजारी सिंधू एकदम उभी राहिली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "दोघींच्या गाद्या घालून ठेवल्यात मी." गाद्या तर माळ्यावर होत्या.

"अगं, एवढं कशाला?" बऱ्हाटे म्हणाले. "रोज दुपारी येत जाईल ना ती."

"दुपारी सुचत नाही काका." हॉल हसला. "आणि हेमांगीला आईशिवाय झोप येत नाही. म्हणून काकू पण येतील."

हॉल आणखी हसला. कुणीतरी टाळी वाजवली, मग सगळ्यांनीच. मागून आवाज आला, "शब्द दिलाय हो साहेब." बऱ्हाट्यांच्या चेहऱ्यावरचं हसू तसंच राहिलं, पण त्याच्या मागे कुणी नव्हतं. पहिल्या रांगेत हेमांगीच्या आईनं पदर धरलेला हात खाली आणला होता. ती मान वर करून स्टेजकडे बघत होती. नागसेन खुर्चीच्या कडेवर आला होता, सुदाम परत उभा राहिला होता.

बऱ्हाटे उंच होते. उत्पलानं माईक दोन्ही हातांत घट्ट धरला, टाचा उचलल्या, हात वर ताणून तो त्यांच्या तोंडासमोर धरला, आणि सगळा हॉल शांत होईपर्यंत तशीच उभी राहिली.